जुसाराला मिळालेला एक भाग

आसावरीला जुसारा पहिल्यांदा दिसली तेव्हा ती एका वयस्क गृहस्थांना, तुमच्या बहिणीचं पोट का दुखतंय, हे समजावून सांगत होती. गृहस्थांना बहीण नव्हती. ते कार्डिफच्या टपालखात्यातून निवृत्त झालेले होते आणि टीव्हीच्या मालिकेत गर्दीतला एक माणूस म्हणून हौसेने येत असत. त्यांचं काम एवढंच, की रुग्णालयाच्या कॉरिडॉरमध्ये या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत जायचं. पुढे दोन मोठे नट बोलत असणार आणि हे मागून धूसर दिसणार.

"पण मी चाललोय कुठे?" त्यांनी गमतीने विचारलं होतं.

"एक्स-रेच्या विभागात," जुसारा म्हणाली. "बहिणीचा रिपोर्ट आणायला. सकाळपासून दोनदा जाऊन आलात. तुम्हाला राग आलाय, पण तुम्ही सभ्य माणूस आहात, म्हणून दाखवत नाही."

गृहस्थ चालले. आसावरी हातातला चहा तसाच धरून बघत राहिली. नाशिकहून आल्यापासून तिचं सगळं आयुष्य इथल्या खऱ्या रुग्णालयात नर्स म्हणून गेलं होतं. आधी वॉर्डमध्ये, मग ऑपरेशन थिएटरमध्ये. ही चाल तिच्या ओळखीची होती. रिपोर्ट न मिळालेला नातेवाईक अगदी असाच चालतो, खांदे सरळ ठेवून आणि पावलं जरा जास्तच मोजून.

शहराबाहेरच्या एका जुन्या गोदामात हे खोटं रुग्णालय उभं केलेलं होतं. आसावरी सुट्टीच्या दिवशी तिथे सल्लागार म्हणून जाई. नटांनी हातमोजे बरोबर घातले की नाही, सलाइन उलटं तर लटकवलं नाही ना, हे बघायचं. बाकी वेळ बसून राहायचं. त्या दिवशी मात्र ती बसली नाही. पिवळं जाकीट घातलेली, कुरळे केस कसेबसे बांधलेली ती बाई एकेका माणसाजवळ जाऊन कानात काहीतरी सांगत होती आणि ज्याला सांगून होई तो माणूस खरा दिसू लागत होता.

दोघींची मैत्री झाली ती खिचडीवरून. चित्रीकरणाच्या जागी जेवायला एक जुनी दुमजली बस उभी असते. आत बाकं आणि टेबलं. संकष्टी होती, म्हणून आसावरीने घरून साबुदाण्याची खिचडी आणली होती. समोर बसलेल्या जुसाराने डब्यात डोकावून पाहिलं, न विचारता एक दाणा उचलला, तोंडात टाकला आणि ओरडली, "अगं, ही तर आमची मांजोका!"

साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो मूळचा त्यांच्या ब्राझीलचा, हे आसावरीला तेव्हा कळलं. घरी गेल्यावर तिने नवऱ्याला सांगितलं. यशोधन सॉफ्टवेअरमधला माणूस, पण असल्या बातमीने फार खूश होतो. "म्हणजे माझी आजी जन्मभर ब्राझीलचं खाऊन उपवास करत होती? बरं झालं, तिला कळलं नाही. तिने समुद्रापलीकडचं पाणीही वर्ज्य केलं होतं!"

त्या बसमध्ये, तुकड्यातुकड्यांनी, आसावरीला जुसाराची हकिकत समजली.

ती मिनास जेराइस नावाच्या राज्यातल्या एका खाणीच्या गावात वाढली. वडील बस चालवायचे, आई लोकांच्या कपड्यांना इस्त्री करायची. रात्रीची मालिका लागली की गाव चिडीचूप होई. आई इस्त्री बंद करून, तिच्या गरम पाठीवर हात शेकत मालिका बघे आणि प्रत्येक पात्राला मोठ्याने सल्ले देई. "माझं सगळं शिक्षण तिथे झालं," जुसारा म्हणायची. "कुठलं पात्र खोटं वागतंय हे आईला लेखकाच्या आधी कळायचं." एकोणिसाव्या वर्षी ती जवळच्या शहरातल्या टीव्ही केंद्रात केबली ओढण्याच्या कामाला लागली. तिथून रिओला. तिथे साहाय्यक, मग दुय्यम दिग्दर्शक, मग दिग्दर्शक.

तिकडच्या मालिका आठवड्याचे सहा दिवस चालतात. इकडे भाग दाखवला जातोय, तिकडे पुढचं लिहिणं चाललंय, असा कारभार. एखादं पात्र लोकांना आवडलं तर ते मरायचं असलं तरी मरत नाही. अशा रगाड्यात जुसाराने चौदा वर्षं दिग्दर्शन केलं. मध्ये एक चित्रपटही केला, बसमधल्या एका कंडक्टरबाईवर. तो दोनचार महोत्सवांत गेला, एका लहानशा गावाने त्याला बक्षीस दिलं आणि रिओतल्या ज्या एकुलत्या एका चित्रपटगृहात तो लागणार होता, ते त्याच महिन्यात बंद पडलं. हे सांगताना ती हसायची. "चित्रपट चांगला होता गं. माझ्या आईला आवडला नाही, पण चांगला होता."

मग तिच्या गावच्या खाणीवर कामाला आलेला ह्यू नावाचा वेल्श इंजिनियर तिच्या आयुष्यात आला. त्याची आई आजारी पडली म्हणून दोघं कार्डिफला आली आणि राहिली. इथे जुसाराने आपल्या कामाची माहिती सगळीकडे पाठवली. उत्तरं सभ्य भाषेत आली. तुमचा अनुभव फार रंजक आहे, पण तो इथला नाही. चाळिशी ओलांडलेली, शेकडो भाग केलेली ही बाई मग सेटवर चहा नेऊन देण्याच्या कामाला लागली. त्यानंतर गर्दी सांभाळणारी तिसरी साहाय्यक झाली आणि पाच वर्षं तिथेच राहिली.

"तुला वाईट नाही वाटत?" आसावरीने एकदा विचारलं.

"वाटतं की. गाडीत बसले की वाटतं. सेटवर वेळ नसतो." आणि मग म्हणाली, "मी दरवर्षी निर्मातीकडे जाते. ती नाही म्हणाली की एकच विचारते, आज नाही, का कधीच नाही? ती म्हणते, आज नाही. मग मी पुढच्या वर्षी जाते."

निर्मातीचं नाव नेरिस. बारीक चणीची, पिकल्या केसांची बाई. कधी आवाज चढवत नसे, त्यामुळे तिचा धाक जास्त. पाचव्या वर्षी तिने जुसाराला एक भाग दिला. परीक्षेचा एकच भाग. तो वेळेत आणि नीट झाला तर दिग्दर्शकांच्या यादीत नाव जाणार. नाहीतर पुन्हा पिवळं जाकीट, आणि पन्नाशीला टेकलेल्या बाईला दुसरी संधी देण्याची त्या धंद्यात रीत नाही, हे दोघींनाही ठाऊक होतं.

भागात एक प्रसंग होता. म्हाताऱ्या नवऱ्याची बायको वॉर्डमध्ये वारलेली आहे. तो एकटा येतो, पलंगाशेजारच्या कपाटातला खण उघडतो, तिच्या वस्तू पिशवीत भरतो. संवाद एकही नाही. लेखकाने चार ओळींत उरकला होता. जुसारा म्हणाली, सगळा भाग या चार ओळींवर उभा आहे.

आणि नेमकी तिथेच ती चुकली.

रिओत दिग्दर्शक वेगळ्या खोलीत, पडद्यांसमोर माइक घेऊन बसायचा. संवाद नसलेल्या प्रसंगावर मागाहून संगीत चढवलं जाई, त्यामुळे चित्रीकरण चालू असतानाच तो नटाशी बोलत राही. आता खिडकीकडे बघ. अजून नाही. आता. चौदा वर्षांत ही सवय जुसाराच्या जिभेत मुरली होती. इथे तसं चालत नाही. इथे कपड्यांची सळसळ, नटाचा श्वास, सगळं त्याच वेळी मुद्रित होतं. हे तिला माहीत नव्हतं असं नाही. पाच वर्षं गर्दीला तोंडावर बोट ठेवून गप्प करण्याचंच काम तिने केलं होतं. पण कॅमेरा सुरू झाला, एम्रिस नावाचे ऐंशीच्या घरातले, रंगभूमीवर मुरलेले नट खणाकडे वळले आणि जुसाराच्या तोंडून गेलं, "हळू... आता हात... अजून उघडू नका..."

एम्रिस थांबले. त्यांनी खोलीभर नजर फिरवली. "माझ्याबरोबर इथे आणखी कोणी आहेत का? असतील तर त्यांना खुर्ची द्या."

सगळे हसले. जुसाराही हसली, पण तिचे कान लाल झाले. ध्वनिमुद्रण करणारा कॉलिन हसला नाही. त्याने हेडफोन काढून मांडीवर ठेवला आणि छताकडे बघत बसला.

दुसऱ्या वेळी ती ओठ आवळून उभी राहिली आणि ऐन क्षणी "आता!" म्हणून गेली. तिसऱ्या वेळी ती बोलली नाही, पण ती बोलेल म्हणून एम्रिस वाट बघत राहिले आणि मग त्यांनी नाटकात रडतात तसं रडून दाखवलं. वेळ संपली. प्रसंग राहिला.

नेरिसने तिला बाजूला घेतलं. हातमोज्यांची खोकी आवरत आसावरी तिथेच होती.

"हा प्रसंग मी शुक्रवारी, शेवटच्या दिवशी घालते. जेवणाआधी थोडा वेळ निघेल. तेव्हाही जमला नाही तर तो भागातून काढायचा. आणि मग तुझं नाव पुढे करायला माझ्याकडे काही उरत नाही, जुसारा."

"म्हणजे आज नाही, का कधीच नाही?"

नेरिसने तिच्याकडे नीट पाहिलं. "शुक्रवारपर्यंत, आज नाही," ती म्हणाली आणि निघून गेली.

मधल्या रविवारी जुसारा आसावरीच्या घरी आली. यशोधनने दार उघडलं. "या, या, दिग्दर्शकबाई. वडे तळतोय. तुमच्या देशातलं यात काय काय आहे ते आत्ताच सांगा, म्हणजे मी मनाची तयारी करतो."

"बटाटा आमच्या शेजाऱ्यांचा," जुसारा म्हणाली. "मिरचीचं बघावं लागेल." पण तिचं लक्ष नव्हतं. स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसून तिने एकदम विचारलं, "आसावरी, ऑपरेशन चालू असताना तू बोलतेस?"

"कामापुरतं."

"मग सर्जनला काय हवंय ते तुला कसं कळतं?"

"तो हात पुढे करतो."

"आणि हात पुढे करण्याआधी?"

आसावरीला हसू आलं. तिने याचा कधी विचार केला नव्हता. "अगं, केस आधी वाचलेली असते. ट्रे मी स्वतः लावलेला असतो, कशानंतर काय लागेल त्या क्रमाने. ट्रे नीट लावला की बोलावं लागत नाही."

तेवढ्यात कढईसमोरच्या यशोधनने मागे न बघता हात पुढे केला. आसावरीने त्यात झारा ठेवला. त्याने वडे काढले, पुन्हा हात पुढे केला. आता त्यात कागद लावलेली थाळी होती. मग बुडवायला पुढचा गोळा. हा सगळा वेळ तो, खरा वडा मंद आचेवर कसा बिघडतो, यावर व्याख्यान देत होता.

"बघितलंस?" आसावरी म्हणाली. "इतकी वर्षं असंच चाललंय. त्याला वाटतं, वडे तो करतो."

"मी करतो!" यशोधन म्हणाला.

जुसारा हसली नाही. वडा हातात तसाच धरून ती म्हणाली, "गर्दीतल्या माणसांना मी आधी सगळं सांगते आणि मग सोडून देते. मोठ्या नटाला मात्र सोडत नाही. भीती वाटते ना. माझा भाग आहे, एकच आहे." मग मान वर करून म्हणाली, "मला तो खण लावून देशील?"

"कुठला खण?"

"त्या बायकोचा. लेखकाने लिहिलंय, नाइटगाऊन, बायबल, लग्नाचा फोटो."

"फोटो कोण आणतं गं आता? फोनमध्ये असतात. लोक चार्जर आणतात. आणि घाईत निघालेले असतात, म्हणून भलताच आणतात." वॉर्डमधली वर्षं आसावरीला आठवू लागली. नातेवाइकांबरोबर बसून तिने असे किती खण रिकामे केले होते. घराशिवाय नुसता ठेवलेला चष्मा. मिंटच्या गोळ्यांचं अर्धं पाकीट. रुग्णालयाने दिलेले न घसरणारे मोजे, पण एकच. वेळ घालवायला आणलेलं आणि कधीच न उघडलेलं शब्दकोड्यांचं पुस्तक. कोणीतरी भेटायला येताना आणलेलं आणि नंतर खाऊ म्हणून ठेवून दिलेलं एखादं संत्रं.

"आणि हे एम्रिसना दाखवायचं नाही," जुसारा म्हणाली.

शुक्रवारी हेच तिने त्यांना सांगितलं, तेव्हा म्हातारबुवा भडकले. साठ वर्षं त्यांनी प्रत्येक वस्तू तालमीत हाताळून मगच रंगमंचावर उचलली होती. "न बघितलेल्या खणात हात घालू? बाई, मी नट आहे, चोर नाही."

"तुम्ही चोर नाही, नवरा आहात," जुसारा म्हणाली. "बायकोच्या खणात काय असतं, हे कुठल्या नवऱ्याला माहीत असतं?"

एम्रिसच्या मिशीखाली काहीतरी हललं. "माझ्या बायकोशी बोललीस वाटतं," ते म्हणाले. "ठीक आहे. पण त्या अदृश्य पाहुण्याला आज बाहेर ठेव."

"तो पाहुणा मीच आहे. तोंड बंद ठेवेन."

जुसारा पडद्यासमोर बसली नाही. कॅमेऱ्याला टेकून, दोन्ही हात काखेत घट्ट धरून उभी राहिली. आसावरी पलंगाभोवतीच्या कापडी पडद्यापाशी होती. तिला तिथून जुसाराचा चेहरा दिसत होता.

एम्रिसनी खण उघडला. आधी चार्जर निघाला. त्यांनी तो उलटसुलट केला, आपला नाही हे बघितलं आणि वायर बोटांभोवती सावकाश गुंडाळली. मग गोळ्या. मग मोजा. दुसऱ्या मोज्यासाठी त्यांनी खणाच्या कोपऱ्यापर्यंत हात घातला. चष्मा हाती आला. जुसाराने मनात सगळा प्रसंग त्या चष्म्यावर रचला होता, हे आसावरीला माहीत होतं. चष्म्यावर ते थांबणार होते. ते थांबले नाहीत. त्यांनी तो पिशवीत टाकला आणि पुढे गेले. जुसाराचे ओठ हलले. आवाज मात्र आला नाही.

संत्रं त्यांनी पिशवीत न टाकता कोटाच्या खिशात घातलं. मग पिशवीची चेन ओढली. ती अर्ध्यावर अडकली. हे कोणीही ठरवलेलं नव्हतं. पिशवी जुनी होती इतकंच. त्यांनी मागे ओढली, पुढे ओढली, वाकून बघितलं, पुन्हा ओढली. एवढी साधी गोष्ट आपल्याला जमत नाही, अशा नजरेने एकदा त्यांनी दाराकडे बघितलं, जणू ती लावून देणारं कोणी आत्ता येईल. कोणी येत नाही म्हटल्यावर ते पलंगाच्या कडेला बसले. हात चेनवरच राहिला.

"कट" म्हणायला जुसारा विसरली. बऱ्याच वेळाने ती हळूच "थँक यू" म्हणाली. कॉलिन डोळे मिटून बसला होता. त्याने ते उघडले आणि पहिल्यांदाच तिच्याकडे मान वळवून बोलला. "चेनचा आवाज मिळाला," तो म्हणाला. "अगदी स्वच्छ मिळाला."

"पुन्हा एकदा करू?" एम्रिसनी विचारलं.

"नको," जुसारा म्हणाली.

संकलनाच्या वेळी भाग लांबला, तेव्हा नेरिसने दुसरा एक बोलका प्रसंग काढून टाकला आणि हा पूर्ण ठेवला. तिने कौतुकाचा शब्द काढला नाही. भाग टीव्हीवर लागला त्या संध्याकाळी जुसारा, ह्यू, आसावरी आणि यशोधन एकत्र बसून बघत होते. चेन अडकली तेव्हा यशोधन उठून पाणी प्यायला गेला आणि जरा उशिराच परत आला. ब्राझीलहून आईचा फोन आला. तिला एक शब्दही कळला नव्हता. ती म्हणाली, "तो म्हातारा खोटं वागत नव्हता."

पण गोष्टींतल्यासारखं पुढे लगेच काही घडलं नाही. दिग्दर्शकांची पुढची यादी लागली, त्यात जुसाराचं नाव नव्हतं. ज्यांना आधी शब्द दिला होता त्यांची नावं होती. सोमवारी ती पिवळं जाकीट घालून वेळेवर आली आणि अपघातविभागाच्या गर्दीतल्या प्रत्येकाला, आपण कोणाची वाट बघतोय, ते सांगू लागली. आसावरीलाच राहवलं नाही. "अगं, तू काही बोलत का नाहीस?"

"बोलणार आहे. ती यादी लागल्यावर माणसं नेरिसच्या दारात रडायला जातात. ती गर्दी ओसरू दे."

महिनाभराने ती गेली. काय बोलणं झालं ते तिने सांगितलं नाही, फक्त बाहेर येऊन बसमध्ये आसावरीसमोर बसली, तिच्या ताटातली कोशिंबीर ओढून घेतली आणि म्हणाली, "जानेवारीत दोन भाग." तोंडात घास असल्यामुळे हे वाक्य तिला दोनदा म्हणावं लागलं. त्या दोन भागांतल्या एकाचं चित्रीकरण बर्फामुळे अडलं, तेव्हा तिने बाहेरचा सगळा प्रसंग लिफ्टमध्ये नेऊन घेतला आणि वेळेत पूर्ण केला. त्यानंतर यादीत तिचं नाव शोधावं लागलं नाही.

जुसारा आता कार्डिफच्या ग्रेंजटाउनमध्ये ह्यूबरोबर राहते. वर्षाला त्या मालिकेचे आठ भाग दिग्दर्शित करते आणि वेल्श भाषेत एक चित्रपट करायचा आहे म्हणून दर गुरुवारी सकाळी वेल्शच्या वर्गाला जाते.